ताबा कोणाचा, मालकी कोणाची?
(बी. कॉम. भाग २)

कायद्यावरचा लेख म्हटला की वाचक पान उलटतो, याची मला कल्पना आहे. मीही उलटत असे. आमच्या अभ्यासक्रमात व्यापारी कायद्यांचा पेपर आहे. त्यात करार येतो, मालाची विक्री येते, हुंडी आणि धनादेश येतात. पण एखाद्या माणसाला त्याच्या राहत्या किंवा कमावत्या जागेवरून उठवायचे असेल तर काय करावे लागते आणि काय करता येत नाही, हे त्यात कुठेच येत नाही. ते मला गेल्या सहा महिन्यांत घरीच शिकावे लागले.

आमची पिठाची गिरणी आहे. बेळगाव जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी, घर आणि रस्ता यांच्यामधल्या अकरा फुटी पट्टीत ती १९६४ सालापासून उभी आहे. आजोबांनी घातली, आप्पा चालवतात. माझी आणि धाकट्या भावाची फी तिच्यातूनच निघते. गेल्या श्रावणात एका दुपारी एक गृहस्थ आले आणि दळणाच्या रांगेदेखतच आप्पांना म्हणाले, “मालक, रस्ता रुंद हुतोय. शनिवारपर्यंत मोकळं करून द्या, न्हाईतर जेसीबी येईल.” हे गृहस्थ ज्या कार्यालयातून आले त्याचे नाव मी इथे घेत नाही, कारण प्रकरण अजून तिथेच चालू आहे. शनिवार आला आणि गेला. जेसीबी काही आला नाही. पुढच्या आठवड्यात मात्र गिरणीच्या फळीवर एक कागद डकवलेला सापडला.

कागद कन्नडमध्ये होता. माझे शिक्षण दहावीपर्यंत मराठी माध्यमातून झाले, तरी आमच्याकडे कन्नड आधी गल्लीत येते आणि मग शाळेत. त्यामुळे आमच्या आळीतले सरकारी कागद वाचून दाखवण्याचे काम बऱ्याच वर्षांपासून माझ्याकडेच आहे. वरती ‘ओत्तुवरी तेरवु’ असे लिहिले होते, म्हणजे अतिक्रमण हटवणे. खाली ‘स्वाधीन’ हा शब्द दोनदा आला होता. तो ऐकताच आप्पांचा चेहरा उतरला. त्यांना वाटले, जागा स्वाधीन करा असा हुकूम आहे. पण कन्नडमध्ये ‘स्वाधीन’ म्हणजे ताब्यात असणे. नोटीस एवढेच म्हणत होती की सरकारी जागा तुमच्या अनधिकृत ताब्यात आहे. ती का खाली करून घेऊ नये याचा खुलासा पंधरा दिवसांत करा. या एका शब्दाला पुढे किती किंमत येणार आहे हे तेव्हा मलाही कळले नव्हते.

आप्पांनी एकच प्रश्न विचारला, “जागा आपली हाय का न्हाई, तेवढं सांग.”

रात्री आजोबांची पत्र्याची ट्रंक उघडली. गिरणीचा जुना परवाना निघाला, घरपट्टीच्या पावत्यांचा गठ्ठा निघाला, वीजजोडणीचे कागद निघाले. आणि सर्वांत खाली एक स्टँपपेपर. गावच्या एका जुन्या जमीनदाराने ही पट्टी आजोबांना विकली असे त्यावर लिहिलेले, दोघांच्या सह्या, दोन साक्षीदार. फक्त नोंदणीचा शिक्का नाही. शंभर रुपये किंवा अधिक किमतीच्या स्थावराची विक्री नोंदणी केल्याशिवाय पुरी होत नाही, हे वाणिज्य शाखेची विद्यार्थिनी म्हणून मला चांगलेच माहीत होते. सिटी सर्व्हेच्या उताऱ्यावर तर ती पट्टी रस्त्याकडे धरलेली. थोडक्यात, पावत्या म्हणत होत्या आम्ही इथे साठ वर्षे आहोत. पण आम्ही मालक आहोत असे छातीठोकपणे सांगणारा एकही कागद ट्रंकेत नव्हता. आप्पांच्या प्रश्नाला मला उत्तर देता आले नाही.

दुसऱ्या दिवशी मी आमच्या कायदा शिकवणाऱ्या सरांकडे गेले. त्यांनी सगळे कागद पाहिले आणि म्हणाले, “अगं, तू दोन प्रश्नांचा एक प्रश्न करून बसली आहेस. मालक कोण हा एक. ताब्यात कोण हा दुसरा. पहिल्याचं उत्तर तुमच्याविरुद्ध गेलं तरी दुसऱ्याचं आपोआप जात नाही.”

हा भेद सांगायला सोपा, पण पचायला जड आहे. मला तो माझ्याच विषयातल्या एका गोष्टीवरून उमगला. तेरीज जुळत नाही तेव्हा फरकाची रक्कम आपण सस्पेन्स खात्यात टाकतो. ती कोणाची हे ठरेपर्यंत तिथेच राहते. हिशेबनीस ती आपल्या मर्जीने कोणाच्या नावे टाकू शकत नाही, मग तो मालकाचा माणूस का असेना. मालकीच्या वादातील जागेचा ताबाही असाच आहे. वाद मिटेपर्यंत तो जिथे आहे तिथे राहतो, आणि तो हलवायचा तर कायद्याने नेमलेल्या मार्गानेच हलवावा लागतो.

आता हे फक्त खाजगी माणसांपुरते आहे की सरकारलाही लागू आहे? सर्वोच्च न्यायालयापुढे हा प्रश्न फार लवकर आला. पंजाबातल्या बर्नाला या गावी, रेल्वे स्टेशनाजवळ, १९०९ साली एका व्यापारी कुटुंबाने तेव्हाच्या पतियाळा संस्थानच्या परवानगीने सरकारी जागेवर धर्मशाळा बांधली. पुढे तिथे देऊळ झाले, दुकाने झाली. कुटुंबच सगळे सांभाळत होते. पन्नास वर्षांनी सरकारला वाटले की जागा आपली, धर्मशाळा लोकांसाठीची, तेव्हा या कुटुंबाचा संबंध काय? १९५८ साली अधिकारी पोलीस घेऊन आले आणि ताबा घेऊन मोकळे झाले. कोर्ट नाही, दावा नाही. बिशनदास विरुद्ध पंजाब राज्य या नावाने हे प्रकरण गाजले. १९६१ च्या निकालात न्यायालयाने जमीन कोणाची याचा अंतिम निवाडा केलाच नाही. जमीन सरकारची असली तरी ज्यांनी परवानगीने, प्रामाणिकपणे त्यावर बांधकाम केले त्यांना केवळ खात्याच्या हुकुमाने उचलून बाहेर टाकता येत नाही. सरकारनेच कायदा हातात घेतला तर कायद्याच्या राज्याचा पायाच उखडतो, अशा अर्थाची कडक भाषा न्यायमूर्तींनी वापरली. लखनौच्या एका भाडेपट्ट्याच्या जागेसंबंधी १९८९ साली याच न्यायालयाने आणखी पुढे जाऊन सांगितले की पट्टा संपला तरी सरकार जबरदस्तीने शिरू शकत नाही. उलट खाजगी मालकापेक्षा सरकारवर बंधन जास्तच आहे, कारण त्याची प्रत्येक कृती कायद्याच्या आधारानेच झाली पाहिजे.

खाजगी माणसांसाठी तर लेखी कलमच आहे. विशिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ याचे कलम ६. (नावाने दचकू नये, वकील त्याला स्पेसिफिक रिलीफ ॲक्टच म्हणतात.) एखाद्याला त्याच्या संमतीवाचून आणि कायद्याची रीत सोडून स्थावरातून काढले, तर सहा महिन्यांच्या आत दावा लावून तो ताबा परत मिळवू शकतो. समोरचा खरा मालक असला तरी त्या दाव्यात मालकीचे कागद त्याच्या कामी येत नाहीत. आधी ताबा परत द्यायचा आणि मग मालकीसाठी वेगळा दावा लावायचा. १८७७ च्या जुन्या कायद्यातही ही तरतूद होती. तिचा हेतू उघड आहे. मालकाला बळजबरीची मुभा दिली, तर जो तो आपल्याला मालक समजूनच काठी उचलेल.

पण या कलमात एक खोच आहे आणि ती मला वाचता वाचता सापडली तेव्हा मी खरोखर घाबरले. सरकारविरुद्ध कलम ६ चा दावा लावता येत नाही, असे त्याच कलमात स्पष्ट लिहिले आहे. म्हणजे शेजाऱ्याने गिरणी बळकावली असती तर सरळ रस्ता होता. सरकारने तेच केले तर हा रस्ता बंद. तेव्हा उच्च न्यायालयात अनुच्छेद २२६ खाली रिट अर्ज करावा लागतो. बर्नाल्याचे कुटुंबही रिटच्याच मार्गाने थेट दिल्लीला गेले होते. राज्यघटनेचे अनुच्छेद ३००-अ आहेच, की कायद्याच्या अधिकाराखेरीज कोणाचीही मालमत्ता हिरावून घेता येणार नाही.

दुसरी खोच संमतीची. कलम ‘संमतीवाचून’ असे म्हणते. या शब्दाचे महत्त्व आम्हाला फार जवळून कळले. नोटीस लागल्यावर चौथ्या दिवशी तेच गृहस्थ पुन्हा आले, या वेळी अगदी गोड बोलत. त्यांच्याकडे एक टाइप केलेला कागद होता. “आप्पा, ह्याच्यावर सही करा, म्हंजे तुमाला म्हैनाभर मुदत मिळंल,” असे त्यांचे म्हणणे. आप्पांनी पेन मागितलेसुद्धा होते. मी पिठाच्या हातानेच कागद घेतला. तिसऱ्या ओळीत ‘स्वइच्छेयिंद’ असा शब्द होता. म्हणजे स्वखुशीने. सरकारी जागेवरील माझे अतिक्रमण मी स्वखुशीने काढून देत आहे, असा त्या वाक्याचा अर्थ. महिन्याच्या मुदतीचा त्यात उल्लेखही नव्हता. सही झाली असती तर आम्ही अतिक्रमण कबूल केले आणि ताबाही राजीखुशीने सोडला असा पुरावा आमच्याच हाताने तयार झाला असता. मी म्हटले, “काका, हा कागद ठेवून जा, वकिलांना दाखवून सांगतो.” त्यांनी कागद ठेवला नाही. त्या गृहस्थांचा हेतू वाईटच होता असे मी म्हणत नाही. त्यांनाही वरून सांगितले असेल. पण ज्याला कन्नड वाचता येत नाही अशा किती मराठी घरांत, आणि पलीकडे ज्याला मराठी वाचता येत नाही अशा किती कन्नड घरांत, असे कागद सही होऊन गेले असतील, हा विचार माझ्या मनातून गेलेला नाही.

सरांनी मग मला वाचायला दिला तो हैदराबादचा निकाल. वादग्रस्त सरकारी जागेचा याहून चांगला नमुना मला दिसलेला नाही, म्हणून तो जरा सविस्तर सांगते.

निजामाच्या काळात, १९३२ ते १९३७ च्या दरम्यान, उस्मानिया विद्यापीठासाठी बरीच जमीन संपादन झाली. हबसीगुडा भागातले तीन तुकडे एका नवाबांच्या ताब्यात होते. विद्यापीठाचे म्हणणे, हेही संपादनात गेलेले आहेत. १९५६ साली विद्यापीठाने दिवाणी दावा लावला आणि १९५९ साली तो हरले. न्यायालयाला आढळले की एक तुकडा संपादनात नव्हताच, आणि बाकीचे दोन होते तरी दाव्याआधीच्या बारा वर्षांत त्यांवर आपला ताबा होता हे विद्यापीठाला दाखवता आले नाही. १९६४ च्या जानेवारीत उच्च न्यायालयातले अपीलही फेटाळले गेले. इथे प्रकरण संपायला हवे होते. पण त्याच वर्षीच्या डिसेंबरात तहसीलदाराने १९०५ च्या जमीन अतिक्रमण कायद्याखाली नोटीस काढली आणि आठवडाभरात जागा खाली करण्याचा हुकूमही दिला! दिवाणी दाव्यात सरकार स्वतः पक्षकार नव्हते, तेव्हा तो निकाल आम्हाला बांधत नाही, असा सरकारचा युक्तिवाद. कलेक्टरने हुकूम कायम केला, महसूल मंडळानेही केला. नवाबांकडून प्लॉट घेतलेली मंडळी भांडत भांडत सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेली.

आंध्र प्रदेश सरकार विरुद्ध तुम्मल कृष्णराव या नावाने १९८२ साली निकाल लागला. तो लिहिला सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांनी, म्हणजे आपल्या पुण्याच्या माणसाने. निकालाचे सार असे: अतिक्रमण हटवण्याचा झटपट मार्ग सरकारने वापरावा, पण जिथे जागा सरकारचीच आहे याबद्दल खरा वाद नाही तिथे. जिथे मालकीबद्दल प्रामाणिक वाद आहे तिथे सरकारने आपल्याच बाजूने एकतर्फी निर्णय घेऊन मग त्याच निर्णयाच्या जोरावर माणसाला उठवायचे, हे चालणार नाही. तिथे सरकारनेही इतरांसारखे दिवाणी न्यायालयात जावे. केवळ अतिक्रमण जुने की नवे यावर हे ठरत नाही. कब्जेदाराकडे दाखवण्याजोगा काही खरा आधार आहे की नाही, यावर ठरते.

शेवटचे वाक्य मी दोनदा वाचले. ‘साठ वर्षे आहोत’ या एकाच गोष्टीवर आमची सगळी भिस्त होती आणि हा निकाल सांगत होता की नुसती वर्षे मोजून भागत नाही. उलट तो नोंदणी नसलेला स्टँपपेपर, ज्याला मी कुचकामी समजून ट्रंकेत परत ठेवला होता, त्याला आता महत्त्व आले. मालकी सिद्ध करायला तो अपुरा आहे हे खरे. पण आजोबा अंधारात खांब रोवून जागा बळकावणारे नव्हते, पैसे मोजून, आपली समजून आले होते, एवढे तो कागद बोलतो.

इथे एका गैरसमजाबद्दल लिहिणे भाग आहे, कारण तो आमच्याच आळीत भरपूर आहे. तीस वर्षे झाली की सरकारी जागा आपली होते, असे लोक ठामपणे सांगतात. १९६३ च्या मुदतीच्या कायद्यात सरकारला दावा लावायला तीस वर्षांची मुदत आहे (त्याआधी साठ होती) आणि प्रतिकूल कब्ज्याचा हक्क त्यावरून निघतो हे खरे. पण त्यासाठी तुम्ही उघडपणे, अखंड आणि मालकाच्या हक्काला आव्हान देऊन राहिलात हे सिद्ध करावे लागते. शिवाय ‘मी विकत घेतली’ आणि ‘मी दुसऱ्याची बळकावून पचवली’ ही दोन्ही म्हणणी एकाच तोंडात शोभत नाहीत. वकिलांनी आम्हाला पहिलेच म्हणणे धरायला सांगितले.

मग सरकारच्या हातात काहीच नाही की काय? आहे, आणि असायलाही हवे. सरकारी जागेतील अनधिकृत कब्जेदारांना काढण्यासाठी केंद्राचा १९७१ चा कायदा आहे, आणि त्याच साच्याचा कर्नाटकाचा १९७४ चा. यात दिवाणी न्यायालयाऐवजी एक नेमलेला अधिकारी प्रकरण चालवतो. केंद्राच्या कायद्यात आधी निदान सात दिवसांची कारणे दाखवा नोटीस, मग सुनावणी, मग कारणांसह हुकूम, हुकुमानंतर जागा सोडायला पंधरा दिवस आणि जिल्हा न्यायाधीशांकडे अपील करायला अवघे बारा दिवस. असे दोन मार्ग असणे, सामान्य माणसासाठी कोर्ट आणि सरकारसाठी जवळची वाट, हे समतेच्या विरुद्ध आहे असे सर्वोच्च न्यायालयाने चंदीगडच्या एका हॉटेलच्या प्रकरणात १९६७ साली म्हटले होते. पुढे १९७४ साली मुंबई महापालिकेच्या मगनलाल छगनलाल खटल्यात सात न्यायमूर्तींनी ते मत बदलले: सार्वजनिक जागा लवकर मोकळी होण्यात सर्वांचे हित आहे, आणि अधिकारी नोटीस देऊन, ऐकून घेऊन निर्णय देत असेल तर ती वाट घटनेत बसते. मला स्वतःला हे मत पटते. आमच्याच गावात बाजारपेठेतून रुग्णवाहिका जायला वीस मिनिटे लागतात, आणि तो रस्ता अडवणारे सगळेच काही गरीब नाहीत. दोन मजली दुकानाची पायरी रस्त्यात आणणारे कोण आहेत हे सर्वांना माहीत आहे. जवळची वाट असावी, पण ती वाटच असावी. कुंपण तोडून जाणे नसावे.

महसुली जमिनीबाबत कर्नाटक भूमहसूल अधिनियम, १९६४ मध्ये तशी सोय आहे. जागेवर सरकारचा हक्क की खाजगी माणसाचा, असा वाद निघाला तर कलम ६७ खाली रीतसर चौकशी करून निर्णय द्यायचा, आणि तो मान्य नसलेल्याने एक वर्षाच्या आत दिवाणी दावा लावायचा. जुन्या मुंबई प्रांताच्या १८७९ च्या संहितेतही हेच होते. आपला भाग तेव्हा त्याच प्रांतात होता.

ज्याच्याकडे कसलाच कागद नाही, त्याचे काय? याचे उत्तरही चंद्रचूडांच्याच लेखणीतून आले आहे. १९८१ च्या पावसाळ्यात मुंबईच्या पदपथांवरील झोपड्या उठवून माणसांना गावी पाठवण्याचा सरकारने घाट घातला. ओल्गा टेलिस खटल्याचा निकाल १९८५ च्या जुलैत लागला. पदपथावर राहण्याचा हक्क कोणालाही नाही, असे न्यायालयाने स्वच्छ सांगितले. पण जगण्याच्या हक्कात उपजीविकाही येते, म्हणून ऐकून न घेता उठवणे हा अपवाद असावा, नियम नव्हे. आणि पावसाळा संपून ३१ ऑक्टोबर उलटेपर्यंत झोपड्यांना हात लावू नये, असेही सांगितले. काहींना हा निकाल अर्धवट वाटतो. पण ज्याचा जागेवर हक्कच नाही त्याचेही म्हणणे आधी ऐका, ही गोष्ट त्यापूर्वी इतक्या ठळकपणे कोणी मांडली नव्हती. रस्त्यावरच्या विक्रेत्यांना तर २०१४ पासून स्वतंत्र कायदाच आहे. आमच्या गिरणीपुढे भाजी घेऊन बसणाऱ्या मावशींकडे विक्रीचे प्रमाणपत्र असेल, तर त्यांना त्या जागेवरून हलवायला तीस दिवसांची नोटीस लागते. मावशींना याचा पत्ता नव्हता. आता आहे.

आणि जेसीबीबद्दलचा ताजा निकाल १३ नोव्हेंबर २०२४ चा. न्या. भूषण गवई आणि न्या. के. व्ही. विश्वनाथन यांनी देशभरासाठी नियम घालून दिले: पंधरा दिवसांची नोटीस, तीही रजिस्टर पोस्टाने आणि शिवाय बांधकामावर डकवून, प्रत्यक्ष सुनावणी, कारणांसह हुकूम, हुकुमानंतर पुन्हा पंधरा दिवस, आणि पाडकामाचे चित्रीकरण. नियम मोडणाऱ्या अधिकाऱ्याकडून भरपाई वसूल होऊ शकते. मात्र रस्ता, पदपथ, रेल्वेमार्ग, नदी-तलाव यांवरील अनधिकृत बांधकामांना हे संरक्षण नाही. आमच्या कार्यालयाने नेमके याच अपवादावर बोट ठेवले. पट्टी रस्त्याची आहे, तेव्हा नियम लागू नाहीत. पण पट्टी रस्त्याची आहे की नाही, हाच तर वाद आहे! सरांना हे सांगितले तेव्हा ते हसून म्हणाले, “हबसीगुडा.”

आम्ही जे केले ते फार मोठे नाही. नोटिशीचा फोटो काढला, डकवल्याची तारीख लिहून शेजारच्या दोघांच्या सह्या घेतल्या. मुदतीच्या आत, अकराव्या दिवशी, लेखी खुलासा दिला, कन्नडमध्येच. मसुदा वकिलांचा, अक्षर माझे. त्यात मालकीचा आमचा आधार सांगितला, ताबा तर तुमच्याच नोटिशीत कबूल आहे हे दाखवले, मोजणी आमच्यासमोर व्हावी अशी मागणी केली आणि सुनावणी मागितली. पोचेच्या प्रतीवर आवक क्रमांक आणि शिक्का घेतल्याशिवाय मी खिडकीवरून हलले नाही. घरपट्टी नेहमीसारखी भरली. काकांनी सुचवले होते की रातोरात पुढची भिंत पक्की करून टाकू. ते मात्र वकिलांनी निक्षून मना केले, कारण वाद चालू असताना केलेले नवे बांधकाम जुन्या ताब्यालाही बट्टा लावते. सरकारवर दिवाणी दावा लावायचा तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० प्रमाणे दोन महिने आधी नोटीस द्यावी लागते. फारच तातडी असेल तर न्यायालयाच्या परवानगीने ती सोडता येते. ती नोटीस टाइप करून तयार आहे, अजून पाठवलेली नाही.

दिवाळीनंतर मोजणीदार आले. त्यांची मोजणी सांगते की अकरा फुटांपैकी चार फूट रस्त्यात जातात, बाकीच्या सातांबद्दल जुन्या नकाशात आणि नव्या उताऱ्यात मेळ नाही. आप्पा त्या रात्री बराच वेळ गिरणीच्या दारात उभे होते. मग म्हणाले, “चार फूट त्यांचं असलं तर घेऊ देत. मोटर मागं सरकवू.” तेवढ्या जागेत मिरचीचे कांडप बसणार नाही, हे त्यांनाही माहीत होते आणि मलाही.

सुनावणीच्या दोन तारखा झाल्या. पहिलीला साहेब रजेवर होते. दुसरीला त्यांनी स्टँपपेपर बराच वेळ उलटसुलट करून पाहिला आणि साक्षीदारांपैकी कोणी हयात आहे का, असे विचारले. एकजण आहे. वय ब्याऐंशी, राहणार शेजारच्याच गावी, ऐकू कमी येते. पुढची तारीख वार्षिक परीक्षेच्या आठवड्यात, कॉस्ट अकाउंटिंगच्या पेपरच्या दुसऱ्या दिवशी आहे. त्यांना घेऊन यायला रिक्षा सांगून ठेवली आहे.